दिवाबत्तीचा दस्तूर

आमच्या खानदानात दिवाबत्ती झाली की उंबरा ओलांडायचा नाही, असा दस्तूर होता. लातूरच्या आमच्या गल्लीत या दस्तुराला फार मान होता. बाकीच्या घरांतले पुरुष जेवणं उरकली की पानपट्टीवर उभे राहायचे, हॉटेलात बसायचे, कुणी त्याच्याही पुढं जायचे. आमचे आजोबा आणि काका मात्र दिवस मावळायच्या आत घरात. गल्लीतल्या बायका आपापल्या नवऱ्यांना सुनवायच्या, "जरा त्यांच्याकडं बघा. खानदानी माणसं म्हणतात ती अशी!" आजोबा निजामाच्या काळात तहसिलीत शिरस्तेदार होते, त्यामुळं 'दस्तूर' हा शब्द त्यांच्या तोंडी शोभायचाही. हा दस्तूर किती पिढ्यांचा आहे, हे मात्र त्यांनाही सांगता येत नसे.

माझे वडील शाळेत गणित शिकवायचे. त्यांना अंधारात चांगलं दिसायचं. तरीही ते संध्याकाळी बाहेर पडत नसत, कारण दस्तूर म्हणजे दस्तूर. निरोगी असून पथ्य पाळणारा असा माणूस मी दुसरा पाहिला नाही.

आत्या म्हणजे वडिलांची धाकटी बहीण. ती नांदेडला दिलेली. तिनं तर खानदानाचं नाव गोदावरीच्या काठावर नेऊन रोवलं होतं. तिच्या सासूबाई जिथं जातील तिथं सांगायच्या, "सून येऊन पंधरा वर्सं झाली, सांजच्याला दाराबाहेर पाय म्हणून टाकला न्हाई." ही स्तुती कुणीतरी लातूरला आणून पोचवली की वडील आठवडाभर खुशीत असायचे. आमच्या पोरींनी असं वळण घ्यावं, असं ते माझ्याकडं बघून म्हणायचे. अक्काकडं बघून म्हणायची गरज नव्हती, कारण अक्का जाणारच होती त्या घरी. माझी थोरली बहीण आणि आत्याचा मुलगा यांचं लग्न पाळण्यातच ठरलेलं होतं. भावाची मुलगी बहिणीच्या घरात द्यायची, हाही दस्तूरच. दूरच्या आतेभावांना आम्ही दादा म्हणायचो. याला मात्र मी बोलायला शिकले तेव्हापासून दाजी म्हणत होते. तो चड्डीत होता तेव्हापासून माझा दाजी होता.

या सगळ्या थोरवीची खरी किंमत मोजत होती ती आई. वडिलांना मामेबहीणच नव्हती, म्हणून ती रेणापूरकडच्या परक्या शेतकरी घरातली. तिच्या माहेरी बायामाणसंसुद्धा रातच्या पाळीला मोटेवर जायची, त्यामुळं अंधाराची तिला भीती नव्हती. दिवाबत्तीनंतर आजोबांना परसात जायचं असलं की आई एका हातात कंदील आणि दुसऱ्या हातात काठीचं एक टोक धरायची. काठीचं दुसरं टोक आजोबांच्या हातात. सुनेचा हात सासऱ्यानं धरणं बरं दिसत नाही, म्हणून मधे काठी. याला आम्ही 'मान' म्हणायचो. मोठ्या माणसाच्या पुढं दिवा घेऊन चालायचं असतं, असं मला लहानपणी सांगितलं होतं आणि मी ते मानलंही होतं.

भूकंप झाला तेव्हा मी सातवीत होते. पहाटेच्या अंधारात सगळी गल्ली बाहेर पळाली. आमच्या घरातून आई, वडील, अक्का आणि मी पळालो. आजोबा आणि काका दाराच्या चौकटीत उभे राहिले. आई परत आत गेली आणि त्या दोघांना दंडाला धरून ओढत बाहेर घेऊन आली. त्या दिवशी काठी शोधायला वेळ नव्हता. आमच्या घराला नुसत्या भेगा पडल्या. औश्याच्या बाजूची गावंच्या गावं मात्र मातीत गेली होती. वडील शाळेतल्या मास्तरांबरोबर तिकडं मदतीला गेले. त्या दुःखावर मला काही विनोद सुचत नाही, सुचूही नये.

विनोद सुरू झाला तो पुढं. घरात झोपायची कुणाची छाती होईना, म्हणून सारी गल्ली शाळेच्या मैदानावर अंथरुणं टाकून राहायला लागली. पिढ्यान् पिढ्यांचा दस्तूर एका झटक्यात मोडला. दिवाबत्ती झाली आणि ओलांडायला उंबराच नव्हता. पहिल्याच संध्याकाळी काकांनी शेजाऱ्यांच्या भाताच्या पातेल्यात पाय दिला. आजोबांनी एका उभ्या सायकलीला "जरा सरका हो" म्हणून दोनदा विनंती केली आणि ती सरकेना तेव्हा तिच्या घराण्याचा उद्धार केला. ज्या बायका आमचं उदाहरण देत होत्या, त्या पदराआड हसत होत्या. मला इतकी लाज वाटली की मी गोधडी डोक्यावरून घेतली.

आजोबा काही कच्च्या गुरूचे चेले नव्हते. सकाळी त्यांनी जाहीर केलं, "धरणीचा झटका डोळ्याला बसला." त्या दिवसांत लातुरात कशाचंही खापर भूकंपावर फोडता येत होतं. कुणाचं दूध नासलं, भूकंप. कुणाची म्हैस गाभडली, भूकंप. त्यात आमच्या दोघांचे डोळे सहज खपले. गल्लीनं हळहळ व्यक्त केली, भाताच्या पातेल्याला माफी मिळाली, आणि घरातल्या त्या गोष्टीला पहिल्यांदाच एक नाव मिळालं. काका येईल त्याला सांगायचे, "मला भूकंपाचं झालंय."

पुढं मदतीला आलेल्या डॉक्टरांनी एक नेत्रशिबिर भरवलं. काकांना घेऊन मी गेले. डॉक्टर परगावचे, तरुण. त्यांनी काकांच्या डोळ्यात बराच वेळ बॅटरी मारून पाहिलं आणि पहिला प्रश्न विचारला, "तुमचे आईवडील नात्यातले होते का?"

काकांची छाती फुगली. "नात्यातले म्हंजे? सख्ख्या मामाची पोरगी केलती आमच्या वडलांनी! बाहेरचं रगत न्हाई आमच्यात."

डॉक्टर म्हणाले, "हे भूकंपाचं नाही. हा रातांधळेपणा घराण्यातून आलेला आहे. यापुढं घरातली लग्नं नात्यात करू नका." त्यांनी एका चिठ्ठीवर इंग्रजीत काहीतरी लिहून दिलं. घरी आल्यावर वडिलांनी विचारलं, काय म्हणाले डॉक्टर? काका म्हणाले, "खानदानाची चौकशी केली. लई कौतुक वाटलं त्यांना." चिठ्ठी देवघराच्या खणात गेली. मी सगळं ऐकलं होतं, पण मी बारा वर्षांची होते आणि काका खोटं बोलतील असं मला वाटत नव्हतं. खोटं ते बोललेच नव्हते. त्यांच्यापर्यंत तेवढंच पोचलं होतं.

दोन वर्षांनी आजोबा गेले. लातूर मात्र बघता बघता बदलून गेलं. जिकडं पाहावं तिकडं क्लासच्या पाट्या. ज्याच्याकडं रिकामी खोली होती त्यानं तिच्यात चार कॉट टाकून चार पोरं भरली. नांदेड, परभणी, हिंगोलीहून ट्रंका घेऊन पोरं उतरत होती. गल्लीत आता खानदान विचारत नसत, टक्के विचारत. अकरावीला वडिलांनी मलाही क्लासात घातलं, डॉक्टर करायला. जीवशास्त्राचे सर एका मोठ्या पत्र्याच्या शेडमध्ये माइक लावून शिकवायचे. आम्ही इतके होतो की मागच्यांना सर दिसत नसत, नुसते ऐकू येत.

एके दिवशी सरांनी वंशावळीचा तक्ता शिकवला. पुरुषाला चौकोन, बाईला गोल. रोग असेल तर आकृती काळी करायची. नात्यातलं लग्न असेल तर दोघांच्या मधे एक रेघ नाही, दोन रेघा. सरांनी त्या दोन रेघा मोठ्या प्रेमानं ओढल्या. त्यांनी स्वतः मामाची मुलगी केली होती, हे सगळ्या क्लासाला ठाऊक होतं. मग म्हणाले, "काही रोग असे असतात की आई आणि बाप दोघांकडूनही त्याचा अंश आला तरच दिसतात. एकाकडूनच आला तर माणूस ठणठणीत, पण अंश पुढं जातो. नात्यात लग्न झालं की दोन अंश एकत्र यायची शक्यता वाढते. चार मार्कांना येतो. लिहून घ्या."

मी लिहून घेतलं नाही. मला मैदानावरची सायकल आठवली, डॉक्टरांचा प्रश्न आठवला. घरी येऊन मी देवघराच्या खणातली ती चिठ्ठी काढली आणि डिक्शनरी घेऊन बसले.

तक्ता काढायला आजोबांनी जपलेली वंशावळ होतीच. ती उघडली तर तिच्यात बाई म्हणून एक नाही. आठ पिढ्या नुसत्या पुरुषांनी पुरुषांना जन्म दिलेला. शेवटी आईला विचारलं. तिनं भाकरी थापता थापता सगळं सांगितलं. कुणाला दिसायचं, कुणाला नाही, कुणाची कोण कुणाला दिली. सुनांना सगळं माहीत असतं, कारण काठीचं पुढचं टोक त्यांच्याच हातात असतं. आत्याचं नाव आलं तेव्हा माझी पेन्सिल थांबली.

"आत्यालापण?"

"मग? म्हनून तर ती सांजची भायेर पडत न्हाई. सासू आपली वळण म्हनून डंका वाजिवती."

"आणि तुला हे कधीपासून माहीत हाय?"

"मी नांदायला आले त्याच्या आठव्या दिवशी कळलं."

"मग बोलली का न्हाईस?"

"कुणाला बोलू? खानदानाला?" असं म्हणून तिनं भाकरी तव्यावर टाकली.

मी आजोबांचा चौकोन काळा केला, काकांचा केला, आत्याचा गोल काळा केला. वडिलांना रोग नव्हता, पण अंश होता. आत्याच्या मुलाकडं अंश असणारच, कारण त्याची आईच काळी. अक्काकडं असण्याची शक्यता निम्मी. दोघांचं लग्न झालं तर प्रत्येक मुलामागं धोका आठात एक. खाली मी सुवाच्य अक्षरात लिहिलं: 'या घराण्यातील मुलीचे लग्न तिच्या आतेभावाशी ठरले आहे. त्यांच्या होणाऱ्या अपत्यास हा रोग असण्याची शक्यता किती?' मला रडू आलं. गणित बरोबर सुटल्यावर रडण्याची ती माझी पहिलीच वेळ.

वडिलांना दाखवलं. त्यांनी चष्मा लावून तक्ता तपासला, मास्तरच ते. म्हणाले, "पद्धत बरोबर हाय. उत्तरही बरोबर हाय. म्हंजे आठातले सात चांगले. सात भागिले आठ, साडेसत्त्याऐंशी टक्के. डिस्टिंक्शन झालं की!" मग आवाज चढवून म्हणाले, "आणि खानदानात रोग म्हणायचं न्हाई. दस्तूर हाय तो."

अक्का माझ्यावर भडकली. "तुझ्या क्लासचं तुझ्यापाशी ठेव," म्हणाली. दोन दिवस बोलली नाही. तिसऱ्या दिवशी कपडे वाळत घालताना हळूच विचारलं, "आठात एक म्हंजे आठवंच असतं असं न्हाई ना गं? पहिलंबी असू शकतं?"

मी हो म्हटलं. तिनं ओल्या चादरीत तोंड लपवलं. तिला दाजी आवडत होते हे मला माहीत होतं, आणि माझ्या पेन्सिलीचा मला राग आला.

शेवटचा आसरा म्हणून मी तो कागद सरांकडं नेला. म्हटलं सर, तुम्ही वडिलांना समजावून सांगा, ते मास्तरांचं ऐकतील. सरांनी तक्ता पाहिला आणि त्यांचे डोळे चमकले. "कुठल्या पुस्तकातला आहे?"

"घरचा आहे सर."

"वा! असा प्रश्न बाजारात कुठंच नाही." मी लग्नाचं सांगितलं तेव्हा मात्र ते हसले. "अगं, हे पेपरासाठी असतं. घरासाठी नाही." कागद त्यांनी ठेवून घेतला.

पुढच्या वर्षीच्या नोट्समध्ये तो आला. प्रश्न सतरावा, शेजारी तीन चांदण्या. सरांना माझं अक्षर आवडलं होतं, म्हणून त्यांनी माझाच कागद झेरॉक्सला टाकला होता. पत्र्याच्या शेडमध्ये शेकडो पोरं माझ्या आजोबांना काळं करत होती. बारावीची पोरं बस स्टँडवर एकमेकांना विचारत होती, "सतराव्याचं आठात एक आलं का रे?" जी गोष्ट आमच्या घरात कुणी कबूल करत नव्हतं, ती साऱ्या लातूरला पाठ झाली होती. आमच्या खानदानाची इतकी कीर्ती आजोबांच्या हयातीतही झाली नव्हती.

लातूरच्या नोट्सची झेरॉक्स तेव्हा पहिल्या एसटीनं नांदेडला जायची. आणि दाजी एम.एस्सी. होऊन नांदेडच्या एका क्लासात जीवशास्त्रच शिकवत होते. त्यांनी फळ्यावर प्रश्न सतरावा घेतला. आजोबा, काका, आत्या, सगळं रंगवलं. उत्तर काढलं. मग कागद परत हातात घेतला आणि अक्षर पाहिलं. आमच्या घरून आत्याला जाणारी सगळी पोस्टकार्डं मीच लिहायची. ते अक्षर दाजी वर्षानुवर्षं वाचत होते. ज्या चौकोनाच्या पोटी धोका काढला तो चौकोन आपणच, हे त्यांना भर वर्गात, हातात खडू असताना कळलं.

लग्नाची तारीख काढायच्या आधीच्या रविवारी ते एकटेच लातूरला आले. चहा झाला. ते वडिलांना म्हणाले, "मामा, मला हे लगीन करायचं न्हाई."

"का?"

"मुलगी पसंत न्हाई."

वीस वर्षं जिला आपली म्हणून पाहिली तिच्याबद्दल ते असं म्हणाले. वडिलांनी विचारलं, "नांदेडात दुसरी बघून ठेवली काय?" त्यांनी रिकामी कपबशी बाजूला सरकवली. वडील ताडकन उठले. "चल नीघ. आणि तुझ्या आईला सांग, आजपासून तिला भाऊ न्हाई."

मी त्यांच्यामागं धावत कोपऱ्यापर्यंत गेले. त्यांनी खिशातून घडी केलेला झेरॉक्स काढून मला दाखवला, इतकंच. खरं का सांगितलं नाही, असं मी विचारलं. म्हणाले, "खरं सांगितलं तर तुझं आन् अक्काचं लगीन कोण करल?" आणि ते स्टँडकडं निघून गेले. मला त्यांना हाक मारायची होती, पण काय म्हणून मारायची तेच कळेना. दाजी तर ते आता राहिले नव्हते.

वडील शब्दाचे पक्के निघाले. दर वर्षी ते भाऊबीजेला दिवसाउजेडी नांदेड गाठायचे आणि मुक्काम करून यायचे, ते बंद झालं. गल्लीनंही ठरवून टाकलं की नांदेडच्या पोराला पगाराचा माज आला. वर्षभरात अक्काचं लग्न उदगीरकडच्या, नात्यात नसलेल्या घरात झालं. वडिलांनी मुलाचं शेत, नोकरी, पत्रिका सगळं तपासलं. डोळे तपासले नाहीत, ते आईनं तपासले. मांडवातली वीज गेली तेव्हा तिनं नवरदेवाच्या हातात भरलेली परात दिली आणि "तेवढी पल्याड द्या" म्हटलं. त्यानं दिली. अक्काची दोन्ही मुलं ठणठणीत आहेत. वडील त्याला पूर्वजांची पुण्याई म्हणतात.

मी डॉक्टर झाले नाही. थोड्या मार्कांनी हुकलं. माझ्या सतराव्या प्रश्नानं दुसरी किती पोरं डॉक्टर झाली कोण जाणे. मी बी.एस्सी. करून मास्तरीण झाले आणि बऱ्याच वर्षांनी बदली होऊन नांदेडला आले. पहिल्याच आठवड्यात वडिलांना न सांगता आत्याकडं गेले. तिला आता दिवसाही नीट दिसत नव्हतं. तिनं माझ्या तोंडावरून हात फिरवला आणि आवाजावरून ओळखलं. तिचा मुलगा, सून कामावर गेले होते. सून परक्या घरातली, तीही मास्तरीण.

मला राहवलं नाही. मी सगळं सांगून टाकलं. तक्ता मीच काढला, माझ्यामुळं लग्न मोडलं, माझ्यामुळं तुझं माहेर तुटलं आणि तुझा मुलगा नाहक बदनाम झाला.

आत्या म्हणाली, "मला माहीत हाय की. त्यो कागद त्यानं आधी मलाच वाचून दाखिवला. लातूरला काय बोलायचं ते मीच शिकिवलं त्याला. म्हनलं, पोरगी पसंत न्हाई म्हन. माझ्या डोळ्याचं नाव काढू नको."

"आणि बाबांनी तोडलं ते? इतकी वर्षं भाऊबीज न्हाई झाली तुझी."

"पोरी, भाऊबीजेला वोवाळतेत कवा? सांजच्याला. लहानपणापासून दादाला पाटावर बसवून वोवाळलं मी. निरांजन तेवढं दिसायचं. त्याचं तोंड मला भाऊबीजेला कधी दिसलंच न्हाई. मला वाटायचं, समद्याच भैनींला असंच दिसत आसंल."